जिथे खाडी संपते : पनवेलची पावणेदोनशे वर्षे

पनवेलचं नशीब त्याच्या जागेनं ठरवलं. मुंबई बंदरातून आत शिरलेली खाडी इथं संपते आणि घाटाची वाट सुरू होते. माथेरानच्या डोंगरातून उतरलेली गाढी इथंच खाडीला मिळते. दक्षिणेला कर्नाळ्याचा सुळका, पूर्वेला प्रबळगड. रेल्वे नव्हती तेव्हा मुंबईहून पुण्याला निघालेले कितीतरी प्रवासी होडीनं पनवेल बंदर गाठत आणि पुढे बोरघाट चढत. १८३० मध्ये घाटातला गाडीरस्ता खुला झाला, देशावरचे बैल थेट बंदरापर्यंत येऊ लागले आणि पनवेलची भरभराट झाली. गाड्यांची चाकं बनवणं हा इथला नावाजलेला धंदा. बेने इस्रायल समाजाचं बेथ एल सिनेगॉग १८४९ चं. १८५२ मध्ये नगरपालिका आली; राज्यातल्या सर्वांत जुन्या नगरपालिकांपैकी ती एक.

पुढच्याच वर्षी बोरीबंदरहून ठाण्याला आगगाडी धावली. १८६३ मध्ये ती कल्याण-कर्जतमार्गे बोरघाट चढली आणि पुण्याचा प्रवासी पनवेलच्या हातून गेला. बंदराचं महत्त्व ओसरलं, पण गाव मोडलं नाही. भातबाजार टिकला, १८७२ मध्ये धूतपापेश्वरचा आयुर्वेदिक कारखाना उभा राहिला. जवळच्याच शिरढोणात जन्मलेल्या वासुदेव बळवंत फडक्यांचं बंडही याच दशकातलं.

रूळ पनवेलला पोचायला विसाव्या शतकाचं सहावं दशक उलटावं लागलं. १९७० मध्ये सिडको स्थापन झाली आणि भातखाचरांवर शहर उभं राहू लागलं. त्याची किंमत जमिनी गेलेल्या आगरी-कोळ्यांनी मोजली. जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालील आंदोलनावर जासई-दास्तान फाटा परिसरात पोलिसांचा गोळीबार झाला. पाच शेतकरी हुतात्मे झाले. संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के इतका विकसित भूखंड भूमिपुत्रांना मिळाला, तो या लढ्यामुळे. पनवेलच्या इतिहासात माझ्या मते याहून मोठं पान नाही.

नंतरचं सगळं वेगानं घडलं : मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग, २०१६ मध्ये महानगरपालिका, ८ ऑक्टोबर २०२५ ला जवळच्या नव्या विमानतळाचं उद्घाटन. त्या विमानतळासाठी उलवे टेकडी कापली, उलवे नदीचा प्रवाह वळवला. प्रवाशांची वाट पुन्हा पनवेलकडे वळली आहे. ज्या पाण्यानं हे गाव वसवलं, त्याची जागा मात्र आक्रसते आहे. २६ जुलै २००५ च्या पुरानं गाढीकाठाला त्याचा अर्थ दाखवला आहे. महापालिकेनं आता गाढीचं पात्र, खाडीची खारफुटी आणि वडाळे, कृष्णाळे, विश्राळे ही तळी शहराच्या आराखड्यात सर्वांत आधी राखावीत, आणि पनवेलकरांनी त्यासाठी आग्रह धरावा.