गावाला बोलतं करणारा नट-लेखक

गिरीश कुलकर्णी हे मराठी स्वतंत्र चित्रपटातले असे नट आहेत की त्यांच्या अभिनयाचा विचार त्यांच्या लेखनाला वगळून करताच येत नाही. त्यांनी पुण्यात एफएम रेडिओवर नोकरी केली. चित्रपटाकडे ते वळले ते मित्र उमेश कुलकर्णी यांच्यासोबत. उमेश पुण्याच्याच फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शन शिकलेले. एकाने लिहायचं आणि पडद्यावर उभं राहायचं, दुसऱ्याने दिग्दर्शन करायचं, अशी ही जोडी जमली.

या जोडीचा पहिला मोठा चित्रपट ‘वळू’ २००८ साली आला. गावात मोकाट सुटलेला देवाचा वळू पकडायला वनाधिकारी येतो, एवढीच गोष्ट. पण वळूच्या निमित्ताने सरपंच, त्याचा विरोधक, भटजी, गावातल्या बायका असं सगळं गावच बोलू लागतं. गिरीश यांनी स्वतःसाठी जीवन नावाचा हरकाम्या पोरगा ठेवला. लेखकाने नायकपद स्वतःकडे घेतलं नाही, हे ध्यानात घेण्याजोगं आहे.

२००९ साली सतीश मन्वर यांच्या ‘गाभ्रीचा पाऊस’मध्ये ते विदर्भातला कर्जबाजारी शेतकरी किसना झाले. शेजारच्या शेतकऱ्याने आत्महत्या केल्यावर आपला नवराही जीव देईल या धास्तीने बायको त्याला गोडधोड करून घालते, पोराला त्याच्या मागावर पाठवते. किसनाच्या डोक्यात मात्र फक्त पेरणी आणि पाऊस. एवढा भीषण विषय असूनही ही भूमिका कुठे रडकी होत नाही, आणि म्हणूनच ती मनाला जास्त लागते. त्याच सुमारास सती भावे यांच्यासोबत लिहिलेला ‘विहीर’ बर्लिनच्या महोत्सवात दाखवला गेला. नात्यातल्या भावाच्या मृत्यूने हादरलेल्या मुलाची ती कथा आहे.

सर्वांत मोलाचं काम ‘देऊळ’चं (२०११). करडी ही हरवलेली गाय शोधून दमलेला केशा उन्हात झाडाखाली डोळा लागल्यावर दत्ताचं दर्शन झाल्याचं सांगतो. त्याची श्रद्धा निर्मळ आहे. गाव मात्र त्यातून धंदा उभा करतं. दवाखान्याचा बेत मागे पडतो, देऊळ उठतं, दुकानं लागतात आणि राजकारणी भाऊंना ते सोयीचंच ठरतं. शेवटी केशा मूर्ती पळवून पाण्यात सोडतो, तर देवळात दुसरी मूर्ती बसते. नाना पाटेकर आणि दिलीप प्रभावळकर समोर असताना भोळा केशा झाकोळत नाही, कारण त्याच्या तोंडी मोठं भाषण नाही. तो अडखळतो, गोंधळतो, आणि त्याच्या अडखळण्यातच बाकीच्यांचा लबाडपणा उघडा पडतो. ५९व्या राष्ट्रीय पुरस्कारांत ‘देऊळ’ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान ‘ब्यारी’बरोबर विभागून मिळाला. गिरीश यांना सर्वोत्कृष्ट अभिनेता आणि सर्वोत्कृष्ट संवादलेखक असे दोन्ही पुरस्कार मिळाले. एकाच चित्रपटासाठी एकाच माणसाला हे दोन्ही मिळणं विरळाच.

पुढे ‘मसाला’ (२०१२) त्यांनी लिहिला, ‘पुणे ५२’मध्ये ते खासगी गुप्तहेर झाले. अनुराग कश्यप यांच्या ‘अग्ली’मधला इन्स्पेक्टर जाधव मात्र वेगळ्याच जातीचा. मुलगी हरवल्याची तक्रार घेऊन बाप चौकीत आलेला असतो आणि जाधव त्याला विचारत बसतो, की फोन आला की त्यावर फोटो कसा दिसतो. प्रश्न साधा, आवाज शांत, आणि बापाचा धीर सुटत जातो. संवादाची लय ओळखणाऱ्या लेखकालाच जमावा असा हा प्रसंग आहे.

उमेश यांच्यासोबतच्या ‘हायवे’त (२०१५) गावाची जागा मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावरच्या गाड्यांनी घेतली. ‘जाऊंद्या ना बाळासाहेब’ (२०१६) त्यांनी लिहिला, दिग्दर्शित केला आणि त्यात मुख्य भूमिकाही केली. पुढाऱ्याच्या वाया गेलेल्या मुलाला नाटकाची वाट सापडते, असा त्याचा विषय. त्याच वर्षी ‘दंगल’मधल्या प्रशिक्षकामुळे त्यांचा चेहरा देशभर ओळखीचा झाला. २०१८च्या ‘सेक्रेड गेम्स’ मालिकेत त्यांनी बिपिन भोसले हा राजकारणी रंगवला.