खटला चालू असतां पारपत्र



एका घरांतील प्रसंग डोळ्यांपुढें आणा. मुलगी लंडनला नांदते आहे. तिचें बाळंतपण दोन महिन्यांवर आलें आहे. आई जावयास उत्सुक आहे, पण पारपत्राची मुदत संपलेली. आणि शेजाऱ्यांशीं झालेल्या एका जुन्या भांडणाचा फौजदारी खटला अद्यापि कोर्टांत पडून आहे. हितचिंतक सांगतात, "आतां पारपत्राचें नांव काढूं नका." दुसरे सुचवितात, "अर्जांत खटल्याचा उल्लेखच करूं नका." दोन्ही सल्ले घातक आहेत. पहिल्यानें माणूस आपला हक्क गमावतो. दुसऱ्यानें नवा गुन्हा ओढवून घेतो.

प्रथम हक्काविषयीं. 1967 पर्यंत पारपत्र देणें न देणें ही सरकारची मर्जी होती. त्या वर्षीं एप्रिलांत, सतवंतसिंग साहनी यांच्या दाव्यांत, सर्वोच्च न्यायालयानें तीन विरुद्ध दोन मतांनीं ठरविलें कीं, परदेशगमन हा घटनेच्या 21 व्या कलमांतील व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे. कायद्यावांचून तो हिरावतां येणार नाहीं. म्हणून त्याच वर्षीं पासपोर्ट कायदा झाला. पुढें 1978 मध्यें मेनका गांधी यांच्या दाव्यांत न्यायालयानें आणखी सांगितलें कीं, नुसता कायदा असून भागत नाहीं. त्यांतील रीतहि न्याय्य व वाजवी असली पाहिजे.

आतां अडचण कोठें येते तें पाहूं. या कायद्याच्या 6 व्या कलमान्वयें, अर्जदाराविरुद्ध भारतांतील फौजदारी न्यायालयापुढें खटला प्रलंबित असल्यास पारपत्र नाकारलें जातें. आरोपी परदेशीं निघून जाऊन खटला खोळंबूं नये, हा त्यामागील हेतु. यांत "न्यायालयापुढें" हा शब्द महत्त्वाचा. केवळ पोलिसांत फिर्याद नोंदली गेली, किंवा तपास चालू आहे, एवढ्यानें खटला प्रलंबित ठरत नाहीं. न्यायालयानें त्या गुन्ह्याची दखल घेतलेली असावी लागते. परराष्ट्र मंत्रालयानें ऑक्टोबर 2019 मध्यें ही गोष्ट लेखी स्पष्ट केली आहे.

पण न्यायालयानें दखल घेतली असली, तर सर्वच वाटा बंद झाल्या काय? नाहीं. केंद्र सरकारनें 25 ऑगस्ट 1993 रोजीं एक अधिसूचना काढून येथें वाट ठेविली आहे. ज्या न्यायालयांत खटला चालू आहे, तेथें अर्ज करून परदेशगमनाची अनुमति मिळवावी. तो हुकूम सादर केला, आणि बोलावणें येतांच न्यायालयापुढें हजर राहूं असें लेखी अभिवचन दिलें, म्हणजे पारपत्र मिळूं शकतें. न्यायालयानें मुदत सांगितली असेल तर तेवढ्याच काळापुरतें. पारपत्राची वा प्रवासाची कोणतीच मुदत सांगितली नसेल तर एक वर्षापुरतें. म्हणून वकिलाला बजावून ठेवावें कीं, अर्जांत प्रवासाचे दिवस व पारपत्राची मुदत या दोन्ही गोष्टी स्पष्ट मागाव्या. एवढ्याशा हयगयीमुळें दुसऱ्या वर्षीं पुनः खेपा घालण्याची पाळी येते.

अनुमति देतांना न्यायाधीश अर्जदाराचें कारण आणि पूर्वीचें वर्तन पाहतात. जो प्रत्येक तारखेस हजर राहिला, ज्याचें घरदार येथें आहे आणि जो परतीचा दिवस सांगूं शकतो, त्याचें म्हणणें सहज पटतें. हें काम मात्र तिकीट काढल्यावर नव्हे, त्याच्या पुष्कळ आधीं सुरू करावें.

राहिला प्रश्न लपविण्याचा. महत्त्वाची माहिती जाणूनबुजून दडवून पारपत्र मिळवूं पाहणारास दोन वर्षांपर्यंत कैद किंवा पांच हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्हीहि, होऊं शकतात. शेजाऱ्याच्या भांडणांतून आई कदाचित् निर्दोष सुटेल. खोट्या अर्जांतून सुटणें कठीण.

आणि इतकें करूनहि नकार आला तर? कचेरीनें सामान्यतः नकाराचीं कारणें लेखी दिलीं पाहिजेत. तीं मागून घ्यावीं. त्यांवर वरिष्ठ अधिकाऱ्याकडे अपील करतां येतें, आणि त्यापुढें उच्च न्यायालय आहेच. खटला चालू असणें म्हणजे दोषी ठरणें नव्हे. ज्याच्यावर नुसता आरोप आहे, त्याच्या हक्काला कायदा अटी घालतो. तो हक्क पुसून टाकीत नाहीं. त्या आईनें आजच कोर्टांत अर्ज केला, तर नातवाचें तोंड वेळेवर पाहण्याची आशा तिला खुशाल बाळगतां येईल.