डिसेंटमधील बचावाची सरक : सदिश बेरीज, सापेक्ष स्थान आणि ड्रॅग

सदिशांची बेरीज आपण बारावीत शिकतो आणि इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षी मेकॅनिक्समध्ये पुन्हा शिकतो. तरीही तोंडी परीक्षेत "या उदाहरणात वेगाचा कोणता घटक कामाचा आहे?" असे विचारले की बरेच जण अडखळतात. बेरीज सगळ्यांना येते. कोणता घटक कामाचा आणि कोणता फुकट, हे ठरवताना मात्र गडबड होते. या टिपणात आपण हाच प्रश्न एका जुन्या संगणक-खेळात पाहणार आहोत, कारण तिथे चुकीचा घटक निवडला तर तिसऱ्या सेकंदाला यान फुटते आणि उत्तर लगेच तपासून मिळते. पूर्वज्ञान म्हणून सदिशाचे घटक, एकसमान वर्तुळाकार गती आणि आरसी सर्किटमधील कपॅसिटरचे चार्जिंग एवढे पुरे आहे.

खेळाचे नाव डिसेंट. पॅरलॅक्स सॉफ्टवेअर या कंपनीने तो तयार केला आणि इंटरप्लेने १९९५ मध्ये प्रकाशित केला. माइक कुलास आणि मॅट टॉशलॉग हे पॅरलॅक्सचे संस्थापक. ग्रहांवरच्या आणि चंद्रांवरच्या खाणींतील यंत्रमानव बिघडले आहेत. पायरो-जीएक्स नावाचे छोटे यान घेऊन बोगद्यांत शिरायचे, यंत्रमानवांशी लढायचे, अणुभट्टी उडवायची आणि खाण फुटण्याआधी बाहेर पडायचे, अशी त्याची गोष्ट. त्या काळच्या बहुतेक नेमबाजीच्या खेळांत खेळाडू जमिनीवर चालत असे. डिसेंटमध्ये यानाला सहाही डिग्री ऑफ फ्रीडम आहेत : पुढे-मागे, डावी-उजवीकडे आणि वर-खाली सरकणे, शिवाय तिन्ही अक्षांभोवती फिरणे. खाणीत 'वर' अशी ठरलेली दिशाच नाही. नवख्याला पहिल्या तासात भोवळ येते ती यामुळेच.

आपला विषय आहे या खेळातील बचावाची मूळ हालचाल, म्हणजे नाक शत्रूवर रोखलेले ठेवून बाजूला सरकणे. खेळाडू तिला स्ट्रेफिंग म्हणतात. आपण 'सरक' म्हणू.

गोळी चुकते कधी?

डिसेंटमधील लेसर नावापुरताच लेसर आहे. तो ठरावीक वेगाने येणारा प्रकाशाचा तुकडा असतो आणि येताना दिसतो. सगळा बचाव या एका गोष्टीवर उभा आहे. गोळीला पोहोचायला लागणारा वेळ म्हणजे अंतर भागिले गोळीचा वेग. तेवढ्या वेळात तुम्ही दृष्टिरेषेला लंब दिशेने यानाच्या त्रिज्येपेक्षा जास्त सरकलात, तर गोळी शेजारून जाते.

पुढील आकडे खेळातून मोजलेले नाहीत. गणित सोपे जावे म्हणून धरलेले आहेत. समजा, गोळीचा वेग सेकंदाला १२० एकके, यानाची सरक सेकंदाला ४० एकके आणि यान व गोळी यांच्या त्रिज्यांची बेरीज ५ एकके. तर ५ एकके सरकायला एक अष्टमांश सेकंद लागतो आणि तेवढ्यात गोळी १५ एकके येते. म्हणजे आधीपासून सरकत असलेल्या यानाला, तुम्ही जिथे दिसता तिथेच नेम धरणारा शत्रू १५ एककांच्या पलीकडून मारू शकत नाही. खेळाच्या सोप्या पातळीवर यंत्रमानवांच्या गोळ्या हळू येतात, त्यामुळे हे अंतर आणखी कमी होते. सराव 'ट्रेनी' पातळीवर सुरू करा असे सांगतात त्यामागे हे कारण आहे.

√३ चा मोह

डिसेंटच्या कार्यक्रमात पुढे-मागे, आडवे आणि उभे या तिन्ही अक्षांवरचा जोर वेगवेगळा मोजला जातो आणि प्रत्येकाची कमाल मर्यादाही स्वतंत्र आहे. एकूण जोराला मर्यादा नाही. त्यामुळे 'उजवीकडे' आणि 'वर' या दोन कळा एकत्र दाबल्या तर वेग √२ पट, म्हणजे १.४१ पट होतो. तिन्ही अक्षांच्या कळा दाबल्या तर √३ पट, म्हणजे १.७३ पट. जाणकार खेळाडू या प्रकाराला ट्रायकॉर्डिंग म्हणतात. ऐकल्यावर प्रत्येक जण तीन कळा दाबून खेळू लागतो, आणि नेमकी इथेच सुरुवातीला म्हटलेली चूक होते.

नाक शत्रूवर रोखलेले आहे आणि तुम्ही उजवीकडे, वर आणि पुढे असा तिहेरी जोर लावला आहे. एकूण वेग ६९ एकके झाला. पण त्यातला पुढे जाणारा घटक दृष्टिरेषेवरच आहे. तो तुम्हाला गोळीच्या वाटेवरून तसूभरही हलवत नाही. उलट शत्रू जवळ येतो आणि गोळीला लागणारा वेळ कमी होतो. लंब दिशेचा वेग फक्त आडव्या आणि उभ्या सरकेचा, म्हणजे ५६.६ एकके. समोरासमोरच्या लढाईत बचावासाठी √२ पुरे. पुढची किंवा मागची कळ अंतर सांभाळण्यासाठी आहे.

मग √३ कशासाठी? पळण्यासाठी. लांब बोगद्यातून निसटायचे असेल तर जाण्याची दिशा यानाच्या तिन्ही अक्षांच्या बरोबर मध्ये यायला हवी, म्हणजे काल्पनिक घनाच्या मुख्य कर्णावर. तो कर्ण प्रत्येक अक्षाशी ५४.७ अंशांचा कोन करतो (ज्याचा कोसाइन १/√३ आहे तो कोन). म्हणून सर्वांत वेगाने पळणारे यान बोगद्यात तिरके दिसते. त्याचे नाक भिंतीकडे असते. समोर न पाहता उडायला शिकणे हे या कौशल्याचे खरे काम आहे आणि त्याला आठवडे लागतात. सूत्र पाठ करून ते येत नाही.

थांबलेले यान

आतापर्यंत आपण यान आधीच पूर्ण वेगात आहे असे धरले. पण पायरो-जीएक्सला ड्रॅग आहे. १९६२ च्या एमआयटीमधील स्पेसवॉर खेळात यान एकदा सुटले की निर्वातात वाहत राहते. डिसेंटमध्ये कळ सोडली की यान काही क्षणांत थांबते. जोर आणि ड्रॅग यांचा तोल साधतो तो कमाल वेग, आणि तिथपर्यंतचा चढ कपॅसिटरच्या चार्जिंगसारखा असतो : आधी भराभर, मग सावकाश.

टाइम कॉन्स्टंट ०.२ सेकंद धरू. आता स्थिर यानाने एका दिशेने सरकायला सुरुवात केली, तर ५ एकके जायला एक अष्टमांश सेकंद पुरत नाही, सुमारे ०.२७ सेकंद लागतात. सुरक्षित अंतर १५ वरून ३३ एककांवर जाते, दुपटीहून जास्त. गोळी दिसल्यावर हलू, असे म्हणणारा नवखा याच फरकात सापडतो. शिवाय माणसाला दिसणे आणि बोट हलणे यात वेळ जातो तो वेगळाच. म्हणून खोलीत शिरतानाच सरकत शिरायचे असते.

नेम पुढे धरणारा शत्रू

लॅनवर माणसाविरुद्ध खेळताना वरचे सगळे अपुरे पडते. अनुभवी खेळाडू तुम्ही आहात तिथे मारत नाही. गोळी पोहोचेल तेव्हा तुम्ही जिथे असाल तिथे मारतो. एका रेषेत कितीही वेगाने सरकलात तरी त्याचा हिशेब चुकत नाही. आता बचाव वेगावर अवलंबून राहत नाही. वेगातील बदलावर, म्हणजे त्वरणावर, अवलंबून राहतो.

बरेच जण इथे शत्रूभोवती गोल फिरण्याचा सल्ला देतात. हिशेब करून पाहू. ४० एककांच्या त्रिज्येवर ४० वेगाने फिरताना अभिकेंद्री त्वरणही ४० येते. गोळीला पोहोचायला एक तृतीयांश सेकंद लागतो. तेवढ्या वेळात तुमचा वर्तुळाकार मार्ग स्पर्शरेषेपासून किती दूर जातो? अर्धे गुणिले ४० गुणिले एक नवमांश, म्हणजे २.२ एकके. हवी आहेत ५. चांगला नेमबाज तुम्हाला फेरीतही टिपणारच. गोल फिरणे साध्या यंत्रमानवाविरुद्ध उत्तम आहे, माणसाविरुद्ध नाही.

दिशा बदलायलाच हवी. त्याचे दोन मार्ग आहेत. उजवीकडे सरकत असताना एकदम डावीकडची कळ दाबायची, किंवा उजवी सोडून वरची दाबायची. शत्रूने गोळी सोडली त्याच क्षणी तुम्ही दिशा बदललीत असे धरले, तर वरच्याच आकड्यांनी त्याचा नेम पहिल्या मार्गात १३.७ एककांनी चुकतो आणि दुसऱ्यात ९.७ एककांनी. दोन्ही ५ पेक्षा पुष्कळ जास्त. नुसता आकडा पाहिला तर पहिला मार्ग सरस वाटेल. माझे मत मात्र दुसऱ्याच्या बाजूचे आहे, आणि कारण ड्रॅगमध्येच आहे.

डावी-उजवी उलटताना वेग शून्यातून जातो. टाइम कॉन्स्टंटच्या ०.६९ पट वेळाने, म्हणजे इथे ०.१४ सेकंदाने, यान क्षणभर अगदी उभे राहते (०.६९ हा आकडा तुम्ही कपॅसिटर निम्मा भरण्याच्या वेळेत पाहिला आहे, तोच हा). उजवीकडून वर वळताना तसे होत नाही. एक घटक घटत जातो, दुसरा वाढत जातो, आणि दोन्ही निम्म्यावर येतात तेव्हा त्यांची सदिश बेरीज सर्वांत कमी असते. ती किती? मूळ वेगाच्या ०.७१ पट. यान कधी थांबतच नाही. शिवाय उलटे फिरलात तर तुमच्या मागून गेलेल्या गोळ्यांच्या वाटेवर तुम्ही पुन्हा येता. वर गेलात तर ती वाट सुटते. जमिनीवरच्या खेळांत मुरलेल्या मुलांची बोटे नेहमी डावी-उजवीच करतात. उभा अक्ष वापरण्याची सवय लागली की खेळात फरक पडलेला स्वतःला जाणवतो.

एक गैरसमजही इथे काढून टाकू. यान स्वतःच्या नाकाच्या अक्षाभोवती गरगर फिरवले तर बचाव होतो असे अनेकांना वाटते. नुसत्या फिरण्याने यानाचा मध्य जागचा हलत नाही, गोळी लागायची ती लागतेच. मात्र सरकेची एक कळ दाबून ठेवून फिरलात, तर यानाची 'उजवी' बाजूच फिरत राहते आणि यान दृष्टिरेषेभोवती मळसूत्रासारखे जाते. नाक शत्रूवरून हलत नाही आणि दिशा सतत बदलते. किती वेगाने फिरल्यावर नेम ५ एककांनी चुकेल, हे उदाहरण तुमच्यासाठी ठेवतो. ड्रॅगमुळे वेग थोडा घटतो हे विसरू नका.

जिथे सरक चालत नाही

हे सगळे गणित गोळी पुरेशी हळू आहे या गृहीतकावर आहे. व्हल्कन तोफेच्या गोळ्या इतक्या वेगाने येतात की चुकवायला वेळच उरत नाही. क्लास १ ड्रिलर हा यंत्रमानव ती तोफ बाळगतो, आणि जुने खेळाडू त्याचे नाव निघाले तरी वैतागतात. सुरक्षित अंतराच्या सूत्रात गोळीचा वेग दसपट केला की ते अंतरही दसपट होते आणि खाणीतल्या बहुतेक खोल्यांपेक्षा मोठे होऊन बसते. तिथे भिंतीचा आडोसा हाच बचाव. कोपऱ्यावरून सरकत बाहेर यायचे, मारायचे आणि त्याच क्षणी आत जायचे. या एका प्रसंगी मात्र डावी-उजवीच करावी लागते.

पाठलाग करणाऱ्या क्षेपणास्त्राचा हिशेब वेगळा. ते तुमच्या मागे वळते, पण त्याच्या वळण्याला मर्यादा असते, आणि तुम्ही त्याच्या समोरच्या शंकूबाहेर गेलात की ते तुम्हाला गमावते. म्हणून फार लवकर सरकलात तर ते सावकाश मार्ग सुधारून घेते. जवळ येऊ द्यायचे आणि मग त्याच्या वाटेला लंब निसटायचे, शक्यतो कोपऱ्याच्या पलीकडे, म्हणजे ते भिंतीवर फुटते.

प्रोग्रॅमिंग शिकणाऱ्यांसाठी यात एक गंमत आहे. मूळ कार्यक्रमात क्षेपणास्त्राचे वळणे चित्राच्या प्रत्येक फ्रेमला होत असे, गेलेल्या वेळाच्या हिशेबाने नव्हे. १९९५ च्या संगणकावर फ्रेम कमी, म्हणून वळणेही कमी. जलद संगणक आले तसे तेच क्षेपणास्त्र जास्त चिकट झाले आणि जुने निसटण्याचे अंदाज चुकू लागले. खेळाची सोर्स फाइल पुढे खुली झाल्यावर इतरांनी काढलेल्या आवृत्त्यांत हे दुरुस्त करावे लागले. पुढच्या प्रात्यक्षिकात तुम्ही स्वतः एक ठिपका दुसऱ्या ठिपक्याचा पाठलाग करील असा छोटा कार्यक्रम लिहाल. तो आधी सेकंदाला ३० फ्रेमवर आणि मग १२० फ्रेमवर चालवा, आणि दोन्ही वेळा मार्ग एकावर एक बसतो का ते आलेखावर दाखवा.