कळांचे औषध : मात्रा थोडी, नजर सतत



दिवस भरून तारीख उलटली, तरी कळा येत नाहीत. कधी आईचा रक्तदाब वाढतो, कधी कळांआधीच पाणी जाते. अशा वेळी डॉक्टर औषधाने कळा आणतात. मग घरची मंडळी म्हणतात, "एकच जोराचे इंजेक्शन द्या आणि मोकळी करा." हे धोक्याचे आहे. का, ते समजून घ्या.

जास्त औषध म्हणजे लवकर सुटका का?

नाही. दोन कळांच्या मध्ये पिशवी सैल पडते, तेव्हा बाळाला पुरेसा प्राणवायू मिळतो. मात्रा जास्त झाली की कळेवर कळ येते आणि बाळ गुदमरते. कधी पिशवी फाटते. मग आईचाही जीव धोक्यात येतो.

औषध कसे देतात?

गोळी : मिसोप्रोस्टॉल. जागतिक आरोग्य संघटनेने सांगितलेली मात्रा २५ मायक्रोग्रॅम. तोंडाने दर २ तासांनी किंवा योनीमार्गात दर ६ तासांनी. दुकानात २०० मायक्रोग्रॅमची गोळीही मिळते. ती आठपट झाली! घरी आणून कधीही घेऊ नका.

थोड्या मात्रेने काम होते का? होते. नागपूरच्या दोन सरकारी रुग्णालयांत रक्तदाब वाढलेल्या ६०२ गरोदर स्त्रियांची पाहणी झाली. ती २०१७ साली प्रसिद्ध झाली. दर २ तासांनी २५ मायक्रोग्रॅम गोळी घेणाऱ्या १०० पैकी ५७ जणी २४ तासांत नैसर्गिक रीतीने बाळंत झाल्या. पिशवीच्या तोंडात फुग्याची नळी बसवलेल्यांत हे प्रमाण ४७ होते.

सलाईन : ऑक्सिटोसिन. थेंब कमी ठेवून सुरू करतात, कळा पाहून हळूहळू वाढवतात. कळा फार झाल्या तर सलाईन लगेच बंद करता येते. कमरेत टोचलेले इंजेक्शन मात्र परत काढता येत नाही! म्हणून कळा वाढवायला ते टोचून घेऊ नका.

बाळ बाहेर आल्यावर हेच औषध १० युनिट टोचतात. त्याने रक्तस्राव कमी होतो. त्याला नको म्हणू नका.

लक्षात ठेवा :

१. कळांचे औषध दवाखान्यातच घ्यावे. तेथे बाळाचे ठोके तपासतात, गरज पडल्यास सिझेरियनची सोय होते.

२. आधी सिझेरियन झाले असेल तर डॉक्टरांना प्रथम सांगा. अशा बाईला ही गोळी देत नाहीत.

३. कळा थांबेनात, रक्त जाऊ लागले किंवा बाळाची हालचाल मंदावली, तर नर्सबाईंना तात्काळ हाक मारा.

४. सरकारी रुग्णालयात बाळंतपण मोफत आहे. गाडीसाठी १०२ किंवा १०८ वर फोन करा.

घाई नको, धीर धरा. आई आणि बाळ सुखरूप घरी आणा!