अडतीस रुपयांचं मुद्दल
घराचा हिशोब : भाग ९

कर्जाच्या गळ्यात बांधून दिल्या जाणाऱ्या विम्याबद्दल या आठवड्यात लिहायचं कबूल केलं होतं. ते आज होणार नाही. मंगळवारी धुळ्याहून एक जाडजूड पाकीट आलं आणि माझा आठवडा त्यातच गेला.

पाठवणारे देवपुरातले शिक्षक आहेत. आत खातेउतारा, बँकेचं जानेवारीतलं पत्र आणि स्वतः वहीच्या पानांवर आखलेला तक्ता. गेल्या भागात हप्त्याच्या पोटातलं व्याज आणि मुद्दल वेगळं करून दाखवलं होतं, तोच तक्ता त्यांनी आपल्या कर्जाला लावला आणि तो जुळेना. पत्र सगळं नीटस प्रमाण मराठीत, शाळेच्या फळ्यावर लिहावं तसं. शेवटची ओळ मात्र अहिराणीत: "भाऊ, मुद्दल कोठे गयं? आते काय करानं?"

मुद्दल कुठे गेलं ते आधी बघू.

गुरुजींनी नोव्हेंबर २०२१ मध्ये २५ लाख घेतले, वीस वर्षांसाठी, ६.९० टक्क्यांनी. तेव्हा रेपो दर ४ टक्के होता, त्यावर बँकेची वरकड २.९० टक्के. हप्ता बसला १९,२३३ रुपये. शेवटचा हप्ता नोव्हेंबर २०४१ मध्ये, म्हणजे निवृत्तीच्या तीन वर्षं आधी. गुरुजींनी सगळं मोजूनमापून केलं होतं. चूक काढायला जागा नाही.

पहिल्या हप्त्यात ४,८५८ रुपये मुद्दलात गेले. चांगली सुरुवात. मग मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने महागाई आवरायला दर वाढवायला घेतले आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो ४ वरून साडेसहावर नेला. गुरुजींचं कर्ज रेपोला बांधलेलं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची घरकर्जं अशी बाहेरच्या दराला बांधावीच लागतात. त्यामुळे दर तीन महिन्यांनी त्यांचा दर वर सरकत गेला: ७.८०, ८.८०, ९.१५ आणि एप्रिल २०२३ ला ९.४०.

हप्ता मात्र तेवढाच राहिला. बँकेने तो वाढवला नाही आणि गुरुजींना त्यात बँकेचा चांगुलपणा दिसला. आता उताऱ्यातली मुद्दलाची ओळ वाचा. जुलै २०२२ मध्ये मुद्दलात गेले ३,२०८ रुपये. ऑक्टोबरात १,२२४. जानेवारी २०२३ मध्ये ५३६. आणि एप्रिल २०२३ च्या हिशोबाने १९,२३३ च्या हप्त्यातले १९,१९५ रुपये व्याजात, मुद्दलात ३८.

अडतीस रुपये. देवपुरात दोघांचा चहाही बेताबेतानेच होईल.

या चालीने कर्ज कधी फिटलं असतं ते मी कुतूहल म्हणून काढून पाहिलं. आणखी ७९७ हप्ते, म्हणजे ६६ वर्षं. २०८९ साल उजाडलं असतं. बँकेच्या संगणकाला एवढी मुदत चालत नाही, त्याची हद्द तीस वर्षांची. म्हणून त्याने मुदत तीस वर्षांपर्यंत ताणली, उरलेलं बसवण्यापुरता हप्ता २०,६०१ केला आणि गुरुजींच्या मोबाइलवर एक संदेश टाकला. गुरुजींनी तो वाचला. "हप्ता १,३६८ ने वाढला, चालायचंच," असं ते पत्रात लिहितात. शेवटचा हप्ता नोव्हेंबर २०४१ वरून नोव्हेंबर २०५१ वर गेला, हे त्याच संदेशात दुसऱ्या ओळीत होतं. ती ओळ त्यांनी वाचली नव्हती. कर्ज विभागात माझी उभी हयात गेली. ती दुसरी ओळ वाचणारे मी फार थोडे पाहिले.

मुदत वीसच वर्षं ठेवायची असती तर हप्ता २३,२४२ झाला असता. दोन्हींत फरक महिन्याला २,६४१ रुपयांचा. दर ९.४० वरच राहिला असं धरलं, तर एका वाटेने एप्रिल २०२३ पासून पुढे एकूण ५२ लाख ६ हजार भरायचे, दुसऱ्या वाटेने ७० लाख ८७ हजार. महिन्याचे २,६४१ वाचवायची किंमत पावणेएकोणीस लाखांच्या वर. आणि या दोन वाटांपैकी कोणती हवी, हे गुरुजींना कोणी विचारलं नव्हतं.

आता थोडं विषयांतर. माझी आजी धरणगावची. तिच्या तोंडी नेहमी असायचं की सावकार झाला तरी दुपटीवर थांबतो. लहानपणी मला ती सावकाराची तारीफ वाटायची. पुढे कळलं की ते कायद्याचंच ज्ञान होतं, फक्त आजीच्या शब्दांत. हिंदू धर्मशास्त्रातला दामदुप्पटीचा नियम मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनीही मानला: एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. शंभर दिले, तर थकलेलं व्याज कितीही फुगलेलं असो, दावा दोनशेच्या वर जायचा नाही. सावकारीवरच्या आपल्या राज्याच्या कायद्यातही हे तत्त्व उतरलं आहे. बँकेला ते लागू नाही.

गुरुजींच्या त्या दुसऱ्या वाटेचा हिशोब करा. आधीचे सोळा हप्ते धरून तीस वर्षांत ७३ लाख ९४ हजार. मुद्दल २५ लाख, व्याज जवळजवळ ४९ लाख. दुप्पट मागे पडली, तिप्पट दाराशी आली. मात्र लगेच "बघा, बँक सावकाराहून वाईट" असं म्हणू नका. तशी पत्रं मला येतात, मी ती छापायला देत नाही. एक तर सावकाराचा दर आणि बँकेचा दर यांत जमीन-अस्मानाचं अंतर. दुसरं म्हणजे दामदुप्पटीचा नियम एका वेळच्या थकबाकीपुरता होता. महिन्याच्या महिन्याला व्याज चुकतं करणाऱ्या सरळ माणसाला त्याचा आडोसा तेव्हाही नव्हता. तो वीस वर्षं नेमाने व्याज देत राहिला, तर त्याने मुद्दलाच्या तिप्पट दिलं काय आणि चौपट दिलं काय, नियम गप्प. आजीने हा बारकावा सांगितला नव्हता. नियमित हप्ता भरणारा माणूस कोणत्याच काळात दुपटीच्या हिशोबात बसला नाही.

मुदत लांबली की काय होतं, ते जळगावकरांना तरी नवं नाही. आपल्या नगरपालिकेने नव्वदच्या दशकात घरकुलांसाठी हुडको या सरकारी गृहवित्त संस्थेकडून कर्ज उचललं. त्या घरकुलांचं काय झालं, आणि ऑगस्ट २०१९ मध्ये धुळ्याच्या विशेष न्यायालयाने घरकुल घोटाळ्यात ४८ जणांना कसं दोषी ठरवलं, ते इथल्या शाळकरी पोरालाही माहीत आहे. माझा जीव अडकतो तो खटल्यात नाही, हुडकोच्या हप्त्यात. २००३ मध्ये नगरपालिकेची महापालिका झाली, पाट्या बदलल्या, खुर्च्या बदलल्या, आणि ते देणं मात्र जुन्या घरातल्या पाटा-वरवंट्यासारखं नव्या घरात आलं. सह्या करणारे वेगळे, घरपट्टी भरणारे वेगळे. गुरुजींचं नोव्हेंबर २०५१ तसंच आहे. ३५ व्या वर्षी सही केलेल्या माणसाचा हप्ता ६५ व्या वर्षाचा पेन्शनर भरणार, किंवा त्याचा मुलगा.

आता गुरुजींचा दुसरा प्रश्न. मला वाटतं मोलाचा तोच आहे, आणि तो त्यांच्या एकट्याचा नाही.

२०२५ मध्ये वारं फिरलं. फेब्रुवारी ते डिसेंबर चार वेळा मिळून रेपो सव्वा टक्का उतरला, ६.५० वरून ५.२५ वर. गुरुजींचा दर जानेवारीपासून ८.१५. डिसेंबरअखेरपर्यंत त्यांचे ४९ हप्ते गेले: भरले ९ लाख ८७ हजार, मुद्दल फिटलं १ लाख १६ हजार, बाकी २३ लाख ८४ हजार. त्यावर बँकेचं पत्र आलं आहे की आता दर उतरला आहे, हवा असल्यास हप्ता २०,६०१ वरून १८,४३६ करून देऊ. महिन्याला २,१६५ सुटतात. मुलीच्या क्लासची फी निघते. "घेऊ ना?" असं गुरुजी विचारतात.

घेऊ नका.

कारण १८,४३६ च्या हप्त्यात मुदत तीच राहते, नोव्हेंबर २०५१. पुढे ३११ हप्ते, एकूण ५७ लाख ३४ हजार. हप्ता २०,६०१ च ठेवला तर कर्ज २२८ हप्त्यांत संपतं, एकूण साधारण ४६ लाख ९१ हजार. फरक दहा लाखांच्या वर. शेवटचा हप्ता डिसेंबर २०४४ मध्ये, गुरुजी निवृत्त होतात त्याच वर्षी. चढत्या दराने लांबवलेल्या दहा वर्षांतली सात वर्षं उतरत्या दराने आपण होऊन परत येतायत. तुम्ही फक्त हात पुढे करायचा नाही.

दर चढला की मुदत वाढते आणि उतरला की हप्ता कमी होतो, असं ज्याच्या बाबतीत होतं त्याचं कर्ज एकाच दिशेने चालतं. दोन्ही वेळा त्या महिन्यापुरतं बरं वाटतं. हे मी शहाणपणाच्या जागेवर बसून सांगत नाही. माझं स्वतःचं घरकर्ज १९९८ चं, १४ टक्क्यांचं. पाच-सहा वर्षांत दर आठ-साडेआठपर्यंत आले, तेव्हा मी खुशीत अर्ज करून हप्ता कमी करून घेतला आणि वाचलेल्या पैशांच्या जोरावर स्कूटर आणली. ती स्कूटर मला शेवटी किती लाखांना पडली, हे निवृत्तीच्या वर्षी काढलं. तो कागद अजून घरात कोणाला दाखवलेला नाही.

गुरुजींच्या हातात आणखी एक गोष्ट आहे. वडिलांची शिरपूर तालुक्यात शेती, कापूस विकला की थोडा पैसा घरात येतो आणि आला तसा जातो, असं त्यांनीच लिहिलंय. खान्देशात पगारदाराच्या घरातही उत्पन्नाचा एक पाय शेतात असतो, कापसाचा किंवा केळीचा. बँकेचा हप्ता बारमाही आणि आपला पैसा हंगामी. म्हणून हंगामाचा पैसा हंगामातच मुद्दलात टाकावा. बदलत्या दराच्या वैयक्तिक घरकर्जावर मुदतीआधी भरलेल्या पैशाला बँकेला दंड लावता येत नाही, २०१२ पासून. गुरुजींनी या वर्षी एक लाख एकदम भरले आणि हप्ता हलवला नाही, तर २१ हप्ते गळतात. एका लाखाने चार लाख ३५ हजार वाचतात. भरताना अर्जात "मुदत कमी करावी" हे शब्द हवेत. नाहीतर संगणक पुन्हा हप्ताच कमी करतो. त्याला तेवढंच शिकवलंय.

जळगावचे एक सीए मित्र हे वाचून फोन करणार, मला माहीत आहे. वीस वर्षांनंतरचे वीस हजार म्हणजे आजचे वीस हजार नव्हेत, आणि तोच लाख दुसरीकडे लावला तर जास्त वाढेल, असं त्यांचं म्हणणं. पहिलं बरोबर आहे, माझे सगळे आकडे महागाई न धरता काढलेले आहेत. दुसरं, जो माणूस खरोखर दर महिन्याला तो पैसा दुसरीकडे लावतो त्याच्यापुरतं बरोबर. त्यावर एक अख्खा भाग लिहीन. करसवलतीचं आणि नव्या करप्रणालीचंही त्यातच घेऊ.

गुरुजींना मी तीन ओळी लिहून पाठवल्या. एक, हप्ता आहे तोच ठेवून मुदत कमी करावी, असा अर्ज पोच घेऊन द्या. दोन, रिझर्व्ह बँकेचं १८ ऑगस्ट २०२३ चं परिपत्रक शाखेत दाखवा. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे निवडायचा हक्क कर्जदाराला त्यात दिला आहे, आणि मुद्दल फिटायच्या ऐवजी वाढेल इतकी मुदत ताणू नये, असंही बजावलं आहे. आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ते किती उरले, हे दर तिमाहीला कळवायचं बंधनही त्यातच आहे. तीन, त्याच शाखेत नव्या कर्जदाराला रेपोवर किती वरकड लावतात ते विचारा. तुमच्या २.९० पेक्षा कमी असेल, तर तुम्हालाही कमी करून मागा. थोडं शुल्क घेतील, ते घेऊ द्या.

काल संध्याकाळी त्यांचा फोन आला. शाखेतल्या मुलीने अर्ज दोनदा वाचला आणि विचारलं, "सर, हप्ता कमी करायचा अर्ज आहे ना हा?" गुरुजी म्हणाले, नाही. मग ती आत साहेबांकडे जाऊन आली. वरकडीचं अजून काही सांगितलेलं नाही. नवा परतफेड तक्ता सोमवारी मिळेल म्हणाली.

विमा पुढच्या आठवड्यात, नक्की.