चाल उसनी, टवाळी घरची

मराठीत विनोदी रॉक बँड औषधालाही सापडत नाही. इलेक्ट्रिक गिटार गळ्यात आली की आपला गायक एकतर विठ्ठलाला हाक मारतो, नाहीतर प्रेमभंगानं विव्हळतो. मुंबईचा 'स्क्राइब' हा बँड मात्र वेगळा. कर्कश मेटल वाजवणाऱ्या या पोरांनी 2010 साली अल्बम काढला 'मार्क ऑफ तेजा', म्हणजे 'अंदाज अपना अपना'मधल्या तेजाची आठवण. आणि पावभाजीवरचं प्रेमही घशाच्या शिरा ताणून जाहीर केलं. गंमत अस्सल मुंबईची, पण गाणी बहुतेक इंग्रजीत. नाशिक रोडच्या बिटको चौकापर्यंत ती काही पोचली नाही.

तेव्हा गमतीच्या गाण्यांचे व्हिडिओ बँडबाहेरच शोधावे लागतात. 'ऐका दाजिबा'नं मराठी गाण्यालाही चकचकीत व्हिडिओ शोभतो हे दाखवलं. वैशाली सामंतचा आवाज, पडद्यावर ईशा कोप्पीकर आणि मिलिंद गुणाजी. मजा होती, टवाळी नव्हती.

टवाळीचा उस्ताद तिकडे अमेरिकेत, 'वियर्ड अल' यँकोविक. 1984 साली त्यानं मायकेल जॅक्सनच्या 'बीट इट'चं 'ईट इट' केलं, तेही जॅक्सनची परवानगी घेऊन. मूळ व्हिडिओतली टोळ्यांची मारामारी त्यानं जवळजवळ तशीच उभी केली, फक्त विषय खाण्याचा. विडंबनाला मूळ गाण्याइतकेच कष्ट लागतात, हे आपल्याकडच्या उतावळ्या मंडळींना अजून पटलेलं नाही.

आपल्याकडे सगळ्यात जिव्हारी लागलेलं विडंबन 2017 सालचं. अजय क्षीरसागरच्या सोनूच्या गाण्यावर त्या वर्षी घरोघरी नकला निघाल्या. जुलैत रेड एफएमच्या मलिष्कानं तीच चाल घेऊन मुंबई महापालिकेला खड्ड्यांचा आणि तुंबलेल्या पाण्याचा जाब विचारला. पालिकेनं उत्तर दिलं ते तिच्या घरी माणसं पाठवून! कुंडीखालच्या पाण्यात डासांच्या अळ्या सापडल्या आणि नोटीस निघाली. शिवसेनेच्या नगरसेवकांनी 500 कोटींच्या अब्रुनुकसानीच्या दाव्याची मागणी केली. मिनिट-दोन मिनिटांच्या गाण्याला याहून मोठी दाद कुठली?

पण माझ्या मते खरी खाण आमच्या नाशिक जिल्ह्यातच आहे. मालेगावात व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या शेख नासिरनं 2000 साली 'मालेगाव के शोले' काढला. पुढे 'मालेगाव का सुपरमॅन' आला. फैजा अहमद खान यांच्या माहितीपटात त्याचं चित्रीकरण बघायला मिळतं. यंत्रमागावर काम करणारा काटकुळा शफीक नाडीच्या चड्डीत, हिरव्या कापडापुढे आडवा झालेला. तो उडतोय असं आपण समजायचं. कॅमेरा फिरवायला सायकल, उंचावरून शॉट घ्यायला बैलगाडी. खलनायक घाणीचा शौकीन. शफीक पुढे तोंडाच्या कर्करोगानं गेला, हे ठाऊक असलं की हसताना घशात अडकतं. ही सिनेमाची गोष्ट असली तरी पैसा नाही म्हणून अडायचं नाही, हा वसा पुढे खानदेशी यूट्यूबवाल्यांनीही चालवला.

सचिन कुमावतचं 'बबल्या इकस केसावर फुगे' हे अहिराणी गाणं त्यातलंच. गायक अण्णा सुरवाडे. कंगव्यात निघालेले केस साठवून ठेवायचे आणि फेरीवाला आला की त्याबदल्यात पोरांना फुगे घ्यायचे, हा व्यवहार खेड्यातल्या प्रत्येक घराला माहीत. त्यावर कुणाला नाचाचं गाणं सुचेल असं वाटलं नव्हतं. बागलाण, कळवण, मालेगावकडची कितीतरी कुटुंबं नाशिक रोडला स्थिरावली आहेत. एरवी चारचौघांत अहिराणी बोलायला लाजणारी मंडळी वरातीत डीजेनं बबल्या लावला की आधी काका, मग मावशा, मग शहरात वाढलेली पोरं, अशी रस्त्यावर उतरतात. प्रबोधनानं जे झालं नाही ते फुग्यांनी केलं.

सगळंच चांगलं आहे असं नाही. पोरीच्या मागे लागणारा तोच गॉगलवाला हिरो, तेच शेत, तोच ड्रोन. दहातली आठ गाणी बघवत नाहीत.

नाशकातल्या कॉलेजांत गिटार खाजवत बसलेल्या बँडवाल्यांना म्हणून एक विनंती. 2027चा सिंहस्थ तोंडावर आहे, म्हणजे खोदकामं, डायव्हर्शन आणि आश्वासनं. विषय तयार आहे. चाल कुणाचीही घ्या, पण विचारून घ्या, आणि शब्द आपल्या गावचे ठेवा. गाणं टाकण्याआधी गच्चीतल्या कुंड्यांखालचं पाणी मात्र आठवणीनं ओतून टाका.