रेराचं लायसन्स रिन्यू करायला खरंच किती खर्च येतो?



पालघर-बोईसर पट्ट्यात प्रॉपर्टीच्या धंद्यात उतरायचं म्हणणारे सध्या खूप भेटतात. साहजिकच आहे. तारापूर एमआयडीसी आहेच, २०१३ पासून डहाणूपर्यंत लोकल येते, बोईसरला बुलेट ट्रेनचं स्टेशन होतंय. आणि ऑगस्ट २०२४ मध्ये वाढवण बंदराचं भूमिपूजन झाल्यापासून तर चहाच्या टपरीवरही जागेचे भाव निघतात. धंदा सुरू करणारा पहिला प्रश्न विचारतो, "लायसन्सला किती लागतात?" रिन्यूअलचं मात्र क्वचितच कोणी विचारतं. म्हणून आज तेच बघू.

आपण ज्याला लायसन्स म्हणतो ती म्हणजे महारेराकडची एजंट नोंदणी. ती ५ वर्षांसाठी मिळते. महाराष्ट्रात नोंदणीची फी एकट्या व्यक्तीला १०,००० रुपये आणि भागीदारी फर्म किंवा कंपनी असेल तर १,००,००० रुपये. रिन्यूअलसाठीही तेवढीच रक्कम बाजूला काढून ठेवा. अर्ज भरताना पोर्टलवर जो आकडा दिसेल तो भरायचा.

आता १०,००० भागिले ६० महिने. महिन्याला १६७ रुपये झाले. ऑफिसच्या चहाचं बिल याच्यापेक्षा जास्त येतं! फर्मचा हिशेब केला तर महिन्याला १,६६७. दोन मित्र मिळून धंदा करायचा, बोर्डावर झकास नाव टाकायचं म्हणून पहिल्याच दिवशी फर्म काढतात, तेव्हा हा दहापट फरक कोणी सांगत नाही. माझं मत विचाराल तर पहिली दोन-तीन वर्षं स्वतःच्या नावावर काम करा. फर्म काय, नंतरही काढता येते.

पण फी हा खर्चाचा सगळ्यात छोटा भाग आहे. मोठा खर्च तारीख चुकल्यावर येतो.

मुदत संपली की त्या दिवसापासून तुम्ही नोंदणी नसलेले एजंट. तरीही नव्या प्रोजेक्टमध्ये पार्टी नेत राहिलात, तर रेरा कायद्याच्या कलम ६२ प्रमाणे दिवसाला १०,००० रुपये दंड लागू शकतो, आणि तो वाढत वाढत त्या घराच्या किमतीच्या ५ टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. समजा बोईसरला २५ लाखांचा फ्लॅट दाखवलात. ५ टक्के म्हणजे सव्वा लाख. दिवसाच्या हिशेबाने तिथपर्यंत पोचायला साडेबारा दिवस पुरतात. बिल्डरकडून २ टक्के ब्रोकरेज ठरलं असेल तर हातात येणार ५० हजार. बघा आता, काय परवडतं ते.

हे नुसतं भीती घालायला सांगत नाही. रिन्यू न केल्यामुळे महारेराने राज्यातल्या १३ हजारांहून जास्त एजंटांची नोंदणी रद्द केली. त्यानंतर २०२४ मध्ये आणखी सुमारे २० हजार जणांची नोंदणी स्थगित झाली. कारण वेगळं होतं: सक्षमता प्रमाणपत्र नव्हतं.

हे प्रमाणपत्र जुन्या एजंटांना अजूनही नवीन वाटतं. जानेवारी २०२३ च्या आदेशाने ते आलं आणि १ जानेवारी २०२४ पासून सगळ्यांना बंधनकारक झालं. २० तासांचं प्रशिक्षण घ्यायचं, मग परीक्षा द्यायची, पास झाल्यावर प्रमाणपत्र पोर्टलवर चढवायचं. ते नसेल तर रिन्यूअल नाही. म्हणजे खर्चात प्रशिक्षणाची फी, परीक्षेची फी आणि बुडालेले कामाचे दिवस हेही धरा. "एवढी वर्षं धंदा करतोय, आता परीक्षा कसली?" असं म्हणणारे मला भेटलेत. त्यांना मी एकच विचारतो: आदिवासी खातेदाराची जमीन बिगर-आदिवासीला विकताना कोणाची परवानगी लागते? पालघर जिल्ह्यात काम करायचं तर हे पाठच पाहिजे. जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी नसेल तर अशा प्लॉटवर टोकन घेणं म्हणजे गिऱ्हाइकाचे पैसे अडकवणं.

आता थोडी दिलासा देणारी गोष्ट. तुम्ही फक्त एमआयडीसीतल्या कामगारांना भाड्याने रूम लावून देत असाल, किंवा जुन्या सोसायटीतले राहते फ्लॅट रिसेलला देत असाल, तर या नोंदणीची गरज नाही. ती लागते रेरा-नोंदणीकृत प्रोजेक्टमधलं घर किंवा प्लॉट विकताना. मात्र वर्षातून एकच नवा फ्लॅट विकलात तरी लागतेच.

महारेरा १ मे २०१७ ला सुरू झालं. त्या पहिल्या काही महिन्यांत नोंदणी केलेल्यांची मुदत २०२२ मध्ये संपली, आणि वेळेवर रिन्यू केलेल्यांची पुन्हा २०२७ मध्ये संपेल. रिन्यूअलचा अर्ज मुदतीच्या किमान ६० दिवस आधी द्यायचा असतो. त्यामुळे मोबाईलमध्ये रिमाइंडर शेवटच्या तारखेचा न लावता सहा महिने आधीचा लावा. परीक्षा बाकी असेल तर तेवढा वेळ जातोच.

आणि तारीख आधीच उलटून गेली असेल, तर नोंदणीचं काम मार्गी लागेपर्यंत नव्या प्रोजेक्टच्या व्हिजिट, बुकिंग आणि जाहिराती थांबवा. तोपर्यंत भाड्याच्या रूम आणि रिसेलवर दुकान चालू ठेवता येतं.